‘फ्रान्चेस्को’: एका इटालियन नावाची कुळकथा

प्रश्न एका आजींचा आहे. त्यांची मुलगी लग्नानंतर बोलोन्यात राहते, जावई इटालियन आहेत, आणि येत्या काही आठवड्यांत जन्माला येणाऱ्या नातवाला त्याच्या इटालियन आजोबांचे ‘फ्रान्चेस्को’ हे नाव द्यायचे दोन्ही घरांत जवळजवळ ठरले आहे. आजींच्या शंका तीन आहेत. इंटरनेटवर एके ठिकाणी या नावाचा अर्थ ‘मुक्त मनुष्य’ असा दिला आहे आणि दुसरीकडे ‘फ्रान्सचा रहिवासी’ असा. त्यातला खरा कोणता? हे एका ख्रिस्ती संताचे नाव आहे, तर ते ठेवणे म्हणजे तो धर्म स्वीकारल्यासारखे होते का? आणि मराठी माणसाने ते म्हणावे कसे, सोबत एखादे मराठी नाव ठेवता येईल का? गेली वीसहून अधिक वर्षे मी इटालियन शिकवते आणि जन्मदाखल्यांपासून वारसापत्रांपर्यंतच्या कागदपत्रांची भाषांतरे करते. त्यामुळे नावांचे प्रश्न माझ्यापुढे नेहमी येतात. हे नाव मला फार प्रिय आहे, म्हणून थोडे विस्ताराने लिहिते.

आधी व्युत्पत्ती. ‘फ्रान्चेस्को’ हे मध्ययुगीन लॅटिनमधील ‘फ्रान्सिस्कुस’ या शब्दाचे इटालियन रूप आहे, आणि त्या शब्दाचा अर्थ ‘फ्रँकांचा’ किंवा ‘फ्रँकांच्या देशाचा’ असा होतो. फ्रँक ही ऱ्हाईन नदीच्या काठची जर्मानिक टोळी. रोमन साम्राज्य ढासळू लागल्यावर तिने गॉल प्रांत जिंकला आणि त्या देशाला आपले नाव दिले. तोच आजचा फ्रान्स. नावाच्या शेवटी येणारा ‘-एस्को’ हा प्रत्यय मूळचा जर्मानिक आहे. आपण ‘कोकण’पासून ‘कोकणी’ करतो तसेच त्याचे काम. जर्मन माणसाला इटालियनमध्ये आजही ‘तेदेस्को’ म्हणतात, तिथे हाच प्रत्यय दिसतो. जुन्या इटालियनमध्ये ‘फ्रान्चेस्को’ हे सरळ विशेषण होते आणि त्याचा अर्थ ‘फ्रेंच’ एवढाच होता. पुढे त्या अर्थासाठी ‘फ्रान्चेझे’ हा शब्द रुळला आणि ‘फ्रान्चेस्को’ फक्त माणसाचे नाव म्हणून उरले. आजचा इटालियन माणूस हे नाव उच्चारतो तेव्हा फ्रान्स त्याच्या मनातही येत नाही.

‘मुक्त मनुष्य’ हा अर्थ कुठून आला, तेही सांगते, कारण तो निव्वळ कपोलकल्पित नाही. फ्रँकांच्या अमलाखालील गॉलमध्ये पूर्ण स्वातंत्र्याचे हक्क जेत्यांकडे होते, त्यामुळे ‘फ्रँक’ या टोळीवाचक शब्दाला हळूहळू ‘स्वतंत्र, कोणाचा बांधील नसलेला’ असा अर्थ चिकटला. इटालियनमध्ये ‘फ्रांको’ म्हणजे मोकळ्या मनाचा, स्पष्ट बोलणारा. ‘पोर्तो फ्रांको’ म्हणजे जकातमुक्त बंदर. मुलांच्या नावांच्या याद्या तयार करणारे लोक हा नंतरचा अर्थ उचलतात, कारण तो पाळण्यावर लिहायला बरा दिसतो. मला विचाराल तर ‘फ्रान्चेस्को’चा अर्थ ‘फ्रँकांच्या देशाचा’ हाच, आणि ‘मुक्त’ हा त्याच्या चुलत घराण्यातला अर्थ समजावा.

हाच ‘फ्रँक’ शब्द आपल्या घरातही फार पूर्वी आला आहे. धर्मयुद्धांच्या काळात पश्चिम युरोपातून आलेल्या सगळ्याच लोकांना अरब ‘फ्रँक’ या शब्दावरून घडवलेल्या नावाने ओळखू लागले; तो शब्द फारसीत ‘फरंगी’ झाला आणि तिथून मराठीत ‘फिरंगी’. आपल्याकडे तो मुख्यतः पोर्तुगिजांना लागला. युरोपातून आलेल्या लांब, सरळ पात्याच्या तलवारीला मराठे ‘फिरंग’ म्हणत. १६६० साली शाएस्तेखानाच्या फौजेपुढे चाकणचा किल्ला पन्नासहून अधिक दिवस लढवणाऱ्या फिरंगोजी नरसाळ्यांच्या नावातही ‘फिरंग’ ऐकू येते. म्हणजे आजी, तुमच्या नातवाचे नाव आणि आपला ‘फिरंगी’ हा शब्द एकाच मुळाच्या दोन फांद्या आहेत. एक आल्प्स ओलांडून इटलीत गेली, दुसरी बगदाद-इराणमार्गे दख्खनमध्ये आली.

पण शब्दाच्या मुळाशी नावाचा अर्थ संपत नाही, आणि या नावाच्या बाबतीत तर खरी गोष्ट तिथून सुरू होते. बाराव्या शतकात इटलीत ‘फ्रान्चेस्को’ हे नाव अगदीच नव्हते असे नाही, पण विरळा होते. ते घरोघर गेले ते एका माणसामुळे. मध्य इटलीतील उंब्रिया प्रांतात असिसी नावाचे डोंगरउतारावरचे गाव आहे. तिथे ११८१ किंवा ११८२ साली पिएत्रो दि बर्नार्दोने या कापडाच्या श्रीमंत व्यापाऱ्याला मुलगा झाला. वडील त्या वेळी व्यापारासाठी फ्रान्समध्ये होते. आईने मुलाचा बाप्तिस्मा ‘जोव्हान्नी’ या नावाने करवला. पिएत्रो परत आला, आणि मुलाच्या जन्माने हरखून त्याने त्याला ‘फ्रान्चेस्को’ म्हणायला सुरुवात केली. त्या काळच्या व्यापाऱ्याच्या दृष्टीने फ्रान्स म्हणजे उत्तम कापड, मोठमोठ्या जत्रा, रोख नफा आणि दरबारी गाणी. आपल्याकडे मुंबईचे फार अप्रूप असलेल्या एखाद्या बापाने मुलाला कौतुकाने ‘मुंबईकर’ म्हणून हाक मारावी आणि तीच हाक त्याला जन्मभर चिकटावी, तसा हा प्रकार झाला. नाव लाडाचे होते, आणि त्याला पैशाचा वासही होता.

मुलगा वाढला तोही तसाच: हौशी, खर्चिक, मित्रांच्या घोळक्यात गाणारा, सरदार होण्याची स्वप्ने पाहणारा. १२०२ साली असिसी आणि शेजारच्या पेरुजा शहरात लढाई झाली, तीत तो पकडला गेला आणि सुमारे वर्षभर कैदेत राहिला. सुटल्यावर तो आजारी पडला, आणि उठला तो पूर्वीचा राहिला नव्हता. पडझड झालेल्या सान दामियानोच्या देवळाची दुरुस्ती करण्यासाठी त्याने वडिलांच्या दुकानातले कापड घोड्यावर लादून फोलिन्यो गावी नेले आणि कापड व घोडा दोन्ही विकून टाकले. पिएत्रोने त्याला घरात कोंडून पाहिले, आणि शेवटी पैसे परत मिळावेत म्हणून बिशपपुढे फिर्याद नेली. तिथे, भर लोकांसमोर, फ्रान्चेस्कोने उरलेले पैसे वडिलांपुढे ठेवले आणि मग अंगावरचे सगळे कपडे काढून तेही त्या ढिगावर ठेवले. आजवर मी पिएत्रोला बाप म्हणत होतो, यापुढे माझा बाप स्वर्गातला, असे तो म्हणाला. बिशपने आपला झगा त्याच्याभोवती लपेटला.

हा प्रसंग इटलीत शाळकरी पोरालाही माहीत असतो, भिंतींवर शेकडो वेळा रंगवला गेला आहे. मी तो वर्गात सांगते तेव्हा एका गोष्टीकडे मुलांचे लक्ष वेधते. त्याने बापाचे पैसे परत केले, अंगावरचे कपडे परत केले, वारसा परत केला. बापाने लाडाने ठेवलेले नाव मात्र त्याने परत केले नाही. बाप्तिस्म्याचे ‘जोव्हान्नी’ हे धार्मिक नाव त्याच्या हाताशी होते, संन्यासी म्हणून ते शोभलेही असते, तरी तो अखेरपर्यंत ‘फ्रान्चेस्को’च राहिला. कापडाच्या व्यापाऱ्याने फ्रेंच मालाच्या प्रेमातून दिलेले नाव त्या मालावर पाणी सोडणाऱ्या माणसाने चालवले, आणि त्यामुळे त्या नावाचा अर्थच पालटला.

फ्रेंच भाषेचे वेडही त्याने टाकले नाही. त्याच्या निधनानंतर लवकरच लिहिल्या गेलेल्या चरित्रांत अशी नोंद आहे की मन आनंदाने भरून आले की तो फ्रेंचमध्ये बोले किंवा गाई, जरी ती भाषा त्याला नीट येत नव्हती. वडिलांपासून वेगळे झाल्यावर हिवाळ्यात तो गुब्बियोच्या दिशेने रानातून फ्रेंच गाणी गात चालला होता. चोरांनी अडवून ‘तू कोण?’ असे विचारले, तेव्हा ‘मी एका महान राजाचा भालदार’ असे त्याने उत्तर दिले. चोरांनी त्याला मारून बर्फाने भरलेल्या खड्ड्यात टाकले. चोर गेल्यावर तो बाहेर आला, अंगावरचे बर्फ झटकले आणि पुन्हा गाऊ लागला. नावातला फ्रान्स या माणसाच्या ओठांवर असा शिल्लक राहिला होता.

पुढचे आयुष्य थोडक्यात सांगते. १२०९ च्या सुमारास पोप तिसरे इनोसंट यांनी त्याच्या छोट्याशा संघाला तोंडी मान्यता दिली. १२१९ मध्ये, पाचवे धर्मयुद्ध चालू असताना, तो निःशस्त्र होऊन इजिप्तमध्ये सुलतान अल-कामिल यांना भेटून आला. १२२३ च्या नाताळात ग्रेच्चो गावी त्याने गव्हाण, गवत, बैल आणि गाढव ठेवून येशूजन्माचा देखावा उभा केला. आज वसईपासून गोव्यापर्यंत नाताळात जे गोठे उभे राहतात, त्या परंपरेत त्या रात्रीला मानाचे स्थान आहे. आयुष्याच्या शेवटी, डोळे जवळजवळ गेलेले असताना, त्याने लॅटिनऐवजी उंब्रियाच्या लोकांच्या बोलीत सृष्टीचे एक स्तोत्र रचले. त्यात सूर्याला ‘भाऊ’ म्हटले आहे, चंद्राला, पाण्याला आणि अखेरीस मृत्यूलाही ‘बहीण’ म्हटले आहे. इटालियन साहित्याचा इतिहास शिकवताना सुरुवातीच्या धड्यांत हे स्तोत्र येतेच. ३ ऑक्टोबर १२२६ च्या संध्याकाळी तो गेला आणि दोनच वर्षांत, १६ जुलै १२२८ रोजी, त्याला संतपद मिळाले.

त्यानंतर ते नाव वणव्यासारखे पसरले. कवी पेत्रार्का (जन्म १३०४) फ्रान्चेस्को, मिलानचा ड्यूक स्फोर्त्सा फ्रान्चेस्को, रोमचा वास्तुकार बोर्रोमिनी फ्रान्चेस्को, आणि आपल्या काळातला फुटबॉलपटू तोत्तीही फ्रान्चेस्को. दक्षिणेत, कालाब्रियातील पाओला गावी, मूल होत नसलेल्या एका जोडप्याने असिसीच्या संताला नवस केला आणि १४१६ मध्ये झालेल्या मुलाचे नाव त्याच्यावरून ठेवले. तो मुलगाही पुढे संत झाला, म्हणून दक्षिण इटलीत ‘सान फ्रान्चेस्को’ म्हटले की पुष्कळांच्या डोळ्यांपुढे पाओलाचा दाढीधारी तपस्वी उभा राहतो. मरणाच्या भीतीने ग्रासलेला फ्रान्सचा राजा अकरावा लुई याने त्याला आपल्याकडे बोलावून घेतले आणि तो उरलेले आयुष्य फ्रान्समध्येच राहिला. तिथल्या राजघराण्यातील लुईज द साव्हॉय यांनी त्याच्या आशीर्वादाने झालेल्या मुलाला त्याचेच नाव दिले. तो मुलगा म्हणजे फ्रान्सचा राजा पहिला फ्रान्स्वा. ‘फ्रेंच’ असा अर्थ असलेले नाव फ्रान्सच्या आठवणीने इटलीत ठेवले गेले, आणि तीनशे वर्षांनी इटालियन संताचे नाव म्हणून फ्रान्सच्या गादीवर बसले. नावांच्या इतिहासात याहून सुंदर फेरा माझ्या पाहण्यात नाही.

आपल्याकडे हे नाव ‘फ्रान्सिस’ या रूपात, पोर्तुगीज वाटेने आले. असिसीच्या फ्रान्चेस्कोच्या संघाचे, म्हणजे फ्रान्सिस्कन, संन्यासी १५१७ मध्ये गोव्यात पोहोचले. जुन्या गोव्यात आज जिथे पुरातत्त्व खात्याचे संग्रहालय आहे, त्याला लागूनच असिसीच्या फ्रान्सिसचे चर्च उभे आहे आणि त्याची सध्याची इमारत १६६१ ची आहे. गोव्यात मात्र ‘फ्रान्सिस’ म्हटले की आठवतो तो नवारचा फ्रान्सिस झेवियर, जो ६ मे १५४२ रोजी तिथे उतरला आणि ज्याला लोक ‘गोंयचो सायब’ म्हणतात. उत्तर कोकणात या नावाबरोबर कटू आठवणीही आल्या, हे लिहिले नाही तर उत्तर अपुरे राहील. बोरिवलीची मंडपेश्वर लेणी सोळाव्या शतकात फ्रान्सिस्कनांनी ताब्यात घेऊन तिथे चर्च आणि मठ केला. ज्या माणसाने सुलतानाशी हात रिकामे ठेवून संवाद केला, त्याच्या नावाने हे घडले, याचे मला प्रामाणिकपणे वाईट वाटते. त्याच उत्तर कोकणात, वसईच्या परिसरात, पुढे फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांच्यासारखा मराठी लेखक घडला, जो जानेवारी २०२० मध्ये धाराशिव येथील ९३ व्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचा अध्यक्ष झाला. म्हणजे हे नाव मराठीला परके राहिलेले नाही.

१३ मार्च २०१३ रोजी कार्डिनल बेर्गोल्यो यांनी पोप म्हणून हे नाव घेतले, तेव्हा दोन हजार वर्षांत ते घेणारे ते पहिलेच पोप होते. ते झेवियरच्याच जेझुइट संघाचे असल्यामुळे अनेकांना वाटले की नाव झेवियरवरून असेल. त्यांनी तीन दिवसांनी स्वतःच सांगितले की निवड होताच शेजारी बसलेले ब्राझीलचे एक कार्डिनल ‘गरिबांना विसरू नका’ असे म्हणाले आणि त्यामुळे आपल्याला असिसीचा फ्रान्सिस आठवला. त्यांच्यामुळे इटलीत हे नाव लोकप्रिय झाले, असे पुष्कळदा छापून येते, पण ते खरे नाही. २००१ पासूनच ते नवजात मुलांच्या नावांत पहिल्या क्रमांकावर होते आणि तिथून ते हलले ते २०१८ मध्ये, ‘लेओनार्दो’ पुढे गेल्यावर. आजही ते जुनाट वाटत नाही. बालवाडीत आणि वृद्धाश्रमात सारखेच ऐकू येते, आणि असे भाग्य फार थोड्या नावांना लाभते.

इटलीतल्या घरात हे नाव कसे जगते, ते मी विद्यार्थिदशेत पेरुजाला राहत असताना पाहिले. मी ज्यांच्याकडे खोली घेतली होती, त्या घरात आजोबा फ्रान्चेस्को आणि नातूही फ्रान्चेस्को. थोरल्या मुलाच्या थोरल्या मुलाला आजोबांचे नाव देण्याची ही चाल, विशेषतः दक्षिणेत, अजून पाळली जाते. ४ ऑक्टोबरला सकाळपासून फोन खणखणू लागला, कारण तो संत फ्रान्सिसचा दिवस, आणि तिथे वाढदिवसाखेरीज नावाचा दिवसही असतो, ज्याला ‘ओनोमास्तिको’ म्हणतात. त्या घरातल्या आजी स्वयंपाकघरात बदामाचे कडक, तपकिरी ‘मोस्ताच्चोली’ ताटात मांडत होत्या. अखेरच्या आजारात फ्रान्चेस्कोला हाच खाऊ खावासा वाटला आणि रोमच्या जाकोपा नावाच्या बाई तो न सांगताच घेऊन आल्या, अशी कथा त्यांनी मला तेव्हा सांगितली. मग त्यांनी दारात जाऊन लाडक्या नावाने हाक मारली, “केक्को!” आणि सात वर्षांचा नातू धावत आला, आजोबा जागचे हलले नाहीत, कारण त्यांना त्या घरात पूर्ण नावानेच हाक मारत. सासऱ्याचे नाव तोंडाने घ्यायचे नाही म्हणून आजोबांचे नाव मिळालेल्या नातवाला ‘बाळ’, ‘नाना’ किंवा ‘अप्पा’ म्हणणाऱ्या आपल्या जुन्या सुना मला त्या क्षणी आठवल्या.

यातच आजींच्या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर येते. इटलीत ‘फ्रान्चेस्को’ ठेवणे ही धर्माची घोषणा मानली जात नाही. चर्चची पायरी न चढणारी घरेही ते ठेवतात, कारण ते आजोबांचे असते, कानाला गोड असते, आणि असिसीचा संत हा १९३९ पासून देशाचा संरक्षक संत असला तरी नास्तिकालाही तो आपला वाटतो. १९७७ मध्ये सुट्ट्यांच्या यादीतून वगळलेला ४ ऑक्टोबर हा दिवस, २०२६ सालापासून, त्याच्या निधनाला आठशे वर्षे होत असताना, पुन्हा राष्ट्रीय सुट्टीचा दिवस ठरवण्यात आला आहे. बाप्तिस्मा हा वेगळा विधी आहे आणि तो करायचा की नाही हे आईवडिलांनी ठरवायचे असते; नगरपालिकेतील जन्मनोंदीशी त्याचा संबंध नाही.

नोंदीबद्दल दोन गोष्टी लक्षात ठेवाव्यात. इटलीच्या २००० सालच्या नियमांनुसार हयात असलेल्या वडिलांचे किंवा भावंडाचे नाव मुलाला ठेवता येत नाही, पण आजोबांचे ठेवायला हरकत नाही. आणि नाव एकाहून अधिक शब्दांचे असू शकते, जास्तीत जास्त तीन. म्हणून ‘फ्रान्चेस्को’च्या जोडीला मराठी नाव खुशाल ठेवता येईल. माझा सल्ला एवढाच, की ते दोन-तीन अक्षरी असावे, त्यात ‘ह’ किंवा ‘ळ’ नसावा आणि शेवट शक्यतो स्वरान्त असावा, कारण इटालियन माणूस ‘ह’ गाळतो आणि ‘ळ’ त्याच्या भाषेत नाही. ‘निनाद’पेक्षा ‘रवी’ तिथे सुखाने नांदेल. शिवाय सूर्याला भाऊ म्हणणाऱ्या माणसाच्या नावाशेजारी तो शोभूनही दिसेल. आपल्याकडच्या पद्धतीप्रमाणे मधले नाव म्हणून वडिलांचे नाव लावण्याची चाल तिकडे नाही, तेव्हा दोन्ही देशांच्या कागदपत्रांवर नाव अक्षरशः एकसारखे राहील, हे पहिल्या दिवसापासून पाहावे. नंतर दुरुस्तीच्या खेपा घालणारी कुटुंबे मी बरीच पाहिली आहेत.

राहिला उच्चार. मराठी वर्तमानपत्रांत ‘फ्रान्सेस्को’ छापतात, ते चूक आहे. ‘च’ स्पष्ट आणि तालव्य म्हणावा, ‘चिमणी’तला, ‘चमचा’तला नव्हे. शब्दाचा जोर ‘चे’वर येतो आणि शेवटचा ‘को’ आखूड, सुटा. लाडाची नावे प्रांताप्रांतांनुसार बदलतात: ‘केक्को’, ‘चेस्को’, नुसते ‘फ्रा’, आणि नेपल्सकडे ‘चिच्चिल्लो’. दक्षिणेतले ‘चीच्चो’ हेही फ्रान्चेस्कोचेच लाडके रूप, पण गुबगुबीत मुलालाही तसे म्हणतात, तेव्हा नातू बाळसेदार असेल तर व्याही मंडळी ते हमखास वापरतील. ‘केक्को’ रोमन लिपीत ‘सीएच’ने लिहितात, म्हणून आपल्याकडचे नातेवाईक व्हिडिओ कॉलवर ‘चेक्को’ म्हणतील. त्यांना आधीच सांगून ठेवा की त्या दोन अक्षरांचा इटालियन उच्चार ‘क’ आहे. आणि बारशाला आत्या बाळाच्या कानात नाव सांगेल तेव्हा तिने ते घाईने एका दमात न म्हणता तीन टप्प्यांत म्हणावे, फ्रान्-चेस्-को, मधला टप्पा किंचित लांबवून. पेरुजाच्या त्या घरात आजोबांना जेवायला बोलावताना ते तसेच म्हटले जायचे.